लिंबाखालची सहा मीटर चाळीस

"सर, पाय जरा उचला," एक्साइजचा जवान म्हणाला आणि माझ्या खुर्चीखालून टेप ओढत नेली. मागच्या दारापासून माझ्या ग्लासापर्यंत सहा मीटर चाळीस. इन्स्पेक्टरांनी आकडा पंचनाम्यात लिहिला. वीस वर्षं परमिट रूमचे नकाशे काढून पोट भरतोय, टेप वाचायला मला कुणी लागत नाही.

थोडं समजावतो. परमिट रूमच्या परवान्याला एक नकाशा जोडलेला असतो. दारू कुठे ठेवायची, कुठे द्यायची, ती जागा त्यात रेघ मारून दाखवलेली असते. रेघेच्या आत धंदा, बाहेर गुन्हा. बाहेर पाजली तर परवानाधारकावर अड्डा चालवल्याची केस होऊ शकते, आणि त्यात कैद आहे. पिणाऱ्यावर वेगळी केस. निफाड रोडवरच्या या हॉटेलचा नकाशा माझाच. सहीसुद्धा माझी.

परवाना शोभाताईंच्या नावावर. नवरा गेल्यापासून हॉटेल त्या एकट्या सांभाळतात. त्या दिवशी परवान्याच्या नूतनीकरणाचे कागद तयार करून मी बिअर मागवली आणि लाइट गेली. मार्चअखेरची दुपार. म्हटलं, मागे लिंबाखाली बसतो.

"बाहेर नाय सर. नकाशात नाय ते."

"अहो ताई, नकाशा मीच काढलाय."

"मग तुम्हाला तर माहीत पाहिजे."

वेटरला बाटली बाहेर आणायला सांगितलं, तर त्याने हात मागे घेतले. मग मीच बाटली, ग्लास आणि शेंगदाण्याची बशी उचलली. अर्धा ग्लास संपला नाही तोच तपासणीची जीप आली.

मी ऐटीत पाकीट काढून माझा आजीवन परवाना दाखवला. इन्स्पेक्टरांनी तो उलटसुलट पाहिला.

"हा पिण्याचा आहे. कुठेही बसून पिण्याचा नाही."

"साहेब, सहा मीटरचा तर प्रश्न आहे."

"तुम्हीच मोजून देता ना आम्हाला सगळं? मग सहा मीटर किती असतं ते मी सांगू?"

शोभाताई दारात उभ्या होत्या. "साहेब, परवाना गेला तर अकरा माणसं घरी बसतील. मी नाय म्हणले होते यांना."

"ताई, तसं सगळेच म्हणतात. जागा तुमची, माल तुमचा. पहिलं नाव तुमचंच येणार."

अशा वेळी हुशार माणूस गप्प बसतो. मी इन्स्पेक्टरांना बाजूला घेऊन म्हणालो, "सुधारित नकाशा मागच्या तारखेने लावला तर?"

ते शांतपणे म्हणाले, "हे जबाबात घेऊ का?"

मी परत खुर्चीवर येऊन बसलो.

कायद्यात मालकाला एक वाट आहे. गुन्हा होऊ नये म्हणून आपण योग्य ती सगळी काळजी घेतली होती, हे त्याने सिद्ध करायचं. कॅमेरे इन्व्हर्टरवर चालू होते. इन्स्पेक्टरांनी फुटेज मागवलं. आम्ही सगळे काउंटरपाशी उभे राहून बघत होतो. शोभाताईंचा हात दारात आडवा, आणि मी त्याच्याखालून वाकून, दोन्ही हात भरलेले, एक शेंगदाणा न सांडता बाहेर. एक जवान खोकल्याचं निमित्त करून वळला.

पण फुटेजला आवाज नव्हता. त्या काय म्हणाल्या, ते सांगणारा बाहेरचा साक्षीदार मीच. तसं लिहून दिलं की माझा गुन्हा पक्का, आणि एक्साइजच्या ज्या ऑफिसात मी रोज फायली घेऊन जातो तिथेच मी आरोपी. मी पेनाचं टोपण काढलं, परत लावलं.

"खरं हाय तेवढंच लिहा, सर," शोभाताई म्हणाल्या. "माझ्यासाठी वाढवून नको."

लिहिलं. ताईंनी अडवलं, वेटरने दिली नाही, मीच उचलून नेली. बशीसुद्धा लिहिली.

केस माझ्या एकट्यावर झाली. कोर्टात गुन्हा कबूल केला, दंड भरला. शोभाताईंकडून लेखी खुलासा घेतला गेला, परवाना राहिला. ऑफिसातले क्लार्क महिनाभर मला 'या आरोपी' म्हणून खुर्ची देत होते.

शोभाताईंचं काम अजून माझ्याकडेच आहे. का, ते विचारायची हिंमत झालेली नाही. सल्ला देण्याची फी मी पूर्वीही घेत होतो, आजही घेतो. फरक इतकाच की आता ग्राहक नको म्हणाला, तर आधी हातातलं खाली ठेवतो.