माझ्या भावाचे वाकडे सूर

माझा भाऊ लग्नाच्या ब्यांडमध्ये कीबोर्ड वाजवायचा. आता वाजवत नाही. आमच्या आदिलाबादकडच्या वराती ज्यांनी पाहिल्या नसतील त्यांना सांगते: पुढं बाजेवाले चालतात, आणि मागून एक मोठी हातगाडी ढकलत नेतात. तिच्यावर जनरेटर, चार भोंगे, आणि भोंग्यांच्या मधोमध खुर्ची टाकून कीबोर्डवाला. पंधरा लगनसराया माझ्या भावानं त्या खुर्चीवर काढल्या. इंद्रवेल्ली, निर्मल, मंचेरियल, नदीपलीकडं महाराष्ट्रात, जिथली सुपारी येईल तिथं. दुसऱ्यांच्या वराती वाजवता वाजवता त्याचं स्वतःचं लग्नाचं वय निघून गेलं. माझा नवरा वारल्यावर मी माहेरी आले, तेव्हापासून घरात आम्ही दोघंच. मी भाजी विकते.

एकदा त्यानं मोबाइलच्या दुकानातून मेमरी कार्डात गाणी भरून आणली. दुकानवाल्यानं कशात काय टाकलं देव जाणे, त्यात पाच-सहा नुसत्या पियानोची निघाली. ना बोल, ना गाणारा. मी म्हटलं, "हे काय बाप्पा, पत्र्यावर गारा पडून राह्यल्या का?"

"चूप बस वं अक्का," तो म्हणाला. माझ्याशी असं कधी बोलत नसे.

ताटात भाकर तशीच पडून राहिली आणि हा कानाला फोन लावून बसला. मग त्यानं शोधून काढलं की याला जॅझ म्हणतात, अमेरिकेतल्या काळ्या माणसांचं हे वाजवणं, आणि त्यांचे आजे-पणजे गुलाम होते. इंग्रजी त्याला येत नव्हतं, पण फोनवर हिंदीत काय काय सापडे. मी संध्याकाळी अंबाडीच्या जुड्या बांधायला बसले की तो शेजारी येऊन सांगत बसे. मला त्यातलं अर्धं कळत नसे, पण त्याचा चेहरा असा उजळलेला असे की मी जुड्या मुद्दाम हळू बांधायची.

"अक्का, त्यायच्याकडं बी आपल्यासारखाच ब्यांड होता. मयतीले वाजवत जायेत अन येतानी नाचत येयेत. पन पियानो कोन उचलन? तो राह्यला घरात, नाई तं दारूच्या अड्ड्यावर. मंग पियानोवाल्यायनं ठरवलं, आपन एकट्यानंच अख्खा ब्यांड व्हाचं. डाव्या हातानं ढोल, उजव्या हातानं बाजा."

"अन तुया पियानोले तं गाडी मिळाली," मी म्हटलं. तो हसला, म्हणाला की आपलाच पियानो वरातीत जातो, त्या थोर लोकांचा काही गेला नाही.

त्या थोर लोकांचे व्हिडिओ तो मला फोनवर दाखवी. त्यांची नावं माझ्या जिभेवर बसेनात, म्हणून मी माझी ठेवली. माझ्या गिऱ्हाइकांनाही मी नावं ठेवतेच. एकाचा डावा हात खालून वर, वरून खाली सारखा उड्या मारी, तो पळत्या. एक मान इतकी खाली घालून वाजवी की नाक पट्ट्यांना लागेल, तो मानपाड्या. मानपाड्याचं ऐकलं की मला माझा नवरा आठवे आणि उगाच रडू येई. आणि तिसरा वाकड्या. हा बाबा असं वाजवी की लहान लेकरू कुठंही बोट ठेवतं तसं वाटावं.

"चुकून राह्यला ना गा हा," मी पहिल्यांदा म्हटलं होतं.

"चुकत नाई अक्का. दोन शेजारच्या पट्ट्या संगंसंगं दाबल्या का सूर एकमेकाले घासते. त्याले तेच पायजे होतं. लोक त्याले आधी येडा म्हनत, मंग त्याच्याच पाया पडाले लागले. जे कानाले टोचते तेच चांगलं हाय का नाई, हे आयकता आयकता समजते."

मला ते समजलं. खरंच सांगते, वर्षभरात मला वाकड्या आवडायला लागला. दहावीपर्यंत शिकलेली, वांगी-भेंड्या विकणारी बाई मी, पण अमेरिकेतल्या माणसाचा वाकडा सूर कुठं मुद्दाम आहे ते मला कळू लागलं होतं. त्याचा मला भारी माज आला. खरं खोटं कशाला करू, आलाच.

भाऊ घरी फोनवर पियानो लावून त्याच्या संगतीनं कीबोर्ड वाजवायचा. फोनचा आवाज वाढवत नेई. "बहिरा झाला का रे, गल्ली उठवशील," असं मी ओरडायची. तोंडाची सवय, बाकी काही नाही. मग एक दिवस फोनमधला पियानो आणि त्याचा पियानो एकमेकांना घासायला लागले. एक इकडं ओढी, एक तिकडं. कानाला टोचलं. मी मनात म्हटलं, घ्या, आला आपला भाऊ वाकड्याच्या वाटेवर!

त्यानं विचारलं, "अक्का, कसं वाटते?"

"मस्त," मी म्हटलं.

दुसऱ्या दिवशीही विचारलं. मग रोजच विचारायला लागला. कधी कधी माझ्या तोंडाकडं टक लावून बघे आणि म्हणे, "खरं सांग." मी म्हणे, "खरंच मस्त." दोन लगनसराया हे चाललं.

मधे एकदा ब्यांडमास्तर माझ्या दुकानी आले. म्हातारा माणूस, भावाला त्यांनीच शिकवलं. मेथी घेतली आणि हळूच म्हणाले, "बाई, भाऊ तुमचा बेसूर होऊन राह्यला. गानारा सूर बदलवते, हा जुन्यातच राह्यते. काई टेन्शन हाय का घरी?"

मला असा राग आला! गिऱ्हाइकांसमोर म्हटलं, "मास्तर, तुमाले समजत नाई म्हनून बेसूर म्हनता काय? हे जॅझ हाय. गाढवाले गुळाची चव काय!" मास्तरांनी पैसे दिले. मेथी घेऊन गेले. माझ्या जिभेला हाड नाही हे सगळ्या बाजाराला ठाऊक आहे, पण त्या दिवसाइतकी लाज मला माझ्या जिभेची कधी वाटली नाही. तेव्हा नाही, नंतर.

इंद्रवेल्लीच्या रस्त्यावर एक वरात होती. नवरदेवाच्या मावशीला चक्कर आली म्हणून मास्तरांनी हात वर करून बाजा थांबवला. सगळा ब्यांड थांबला. माझा भाऊ डोळे मिटून वाजवतच राहिला. लोक आधी हसले. मग गाडी ढकलणाऱ्यानं त्याच्या पाठीवर हात ठेवला, तेव्हा तो दचकला. मास्तर दुसऱ्या दिवशी सकाळी स्वतः आमच्या घरी आले. गाढव म्हटलेला माणूस, पण एक बोल लावला नाही. आम्हा दोघांना घेऊन आदिलाबादला कानाच्या डॉक्टरकडं गेले.

डॉक्टरनं भावाला काचेच्या खोलीत बसवून तपासलं आणि मला बाहेर हिंदीत सांगितलं. भोंग्यांनी कान मारले. गेलं ते येत नाही. यंत्र लावलं तर बोलणं थोडंफार कळेल, सूर नाही कळायचे. दोन वर्षांपूर्वी आणलं असतं आणि त्या गाडीवरून उतरवलं असतं, तर निम्मं तरी राहिलं असतं. "तुम लोगों को पता नहीं चला?" त्यानं विचारलं. काय सांगणार, पता चला था, डॉक्टर साहब, रोज चलता था.

भाऊ घरीच असतो आता. बाजारातून टोपल्या आणून देतो. दुपारी फोन काढतो आणि मानपाड्याचे हात बघत बसतो. आवाज सुरू आहे की बंद, ते तो बघतही नाही. यंत्र लावत नाही, म्हणतो त्यात पियानो डबा बडवल्यासारखा येतो.

परवा मी चुलीपाशी पीठ मळत होते. तो उंबऱ्यावर बसला होता. आपण होऊन बोलायला लागला, आणि आताशा त्याचा आवाज मोठा निघतो.

"अक्का, मले दोन वर्सापासून वाटून राह्यलं होतं. फोनमधला पियानो अन माहा पियानो एका जागी बसत नव्हता. मले वाटे, कानात काई बिघडलं. भेव वाटे. म्हनून तं तुले रोज इचारत होतो."

माझे हात पिठात तसेच राहिले.

"तू मस्त म्हने. मंग मी म्हनो, अक्काचा कान पक्का हाय. आपल्यालेच भास होते."

रागानं बोलला असता तर मला सोसलं असतं. तो सहज बोलला, कापसाचा भाव सांगावा तसा. मी हाताचं पीठ झटकलं. मग हळूच म्हटलं, "माहं चुकलं रे भाऊ."

त्यानं माझ्याकडं बघितलं. "काय म्हनली?"

मी त्याच्या कानाजवळ गेले. तोंड उघडलं. शेजारीण अंगणात धुणं वाळत घालत होती, तिनं वळून पाहिलं. त्याला ऐकू जाईल इतक्या जोरात ते निघेना.

"भाकरी किती टाकू म्हटलं," मी ओरडले.

"दोन टाक," तो म्हणाला.