पेन्सिलीचे दोन ठोके

आखातातल्या सोहारच्या धुळीच्या मैदानावर मी पहिल्यांदा कॉमेंट्रीचा माइक धरला तेव्हा पंचेचाळीसची होते आणि पैठणी नेसून गेले होते. टेनिस बॉलच्या क्रिकेटला पैठणी! पैठणीतल्या त्या बाईला, म्हणजे मला, वाटत होतं, आता आपण रेडिओवरच्या होणार. पहिल्याच षटकात तिने अंपायरला 'मध्येच उभे राहिलेले गृहस्थ' म्हटलं.

आमचे हे माझ्या शेजारी बसून स्कोअर लिहायचे. मी वाढवून बोलले की पेन्सिल टेबलावर दोनदा आपटायचे. चौकाराला षटकार म्हटलं, की टक टक. मग मी मुकाट्याने, "चारच हं, चारच."

पुढे मॅच फोनवरून गावाला दिसू लागल्या. दर शुक्रवारी सकाळी रत्नागिरीकडची घरं आपापला माणूस बघायला बसायची, तशी माझी जीभ आणखी सुटली. एकदा एक जण बॅटिंगला आला, तशी मी त्याच्या बायकोला माइकवरून म्हणाले, "वहिनी, तुमचे हे फार वाळलेत हो! मेसचं जेवण मानवत नाही वाटतं." पाण्याची सुट्टी होईपर्यंत त्याच्या बायकोचे नऊ फोन. तो बॅट घेऊनच माझ्यापुढे उभा. "काकू, मला आउट करा, पण वाळवू नका! तिकडे आई रडायला लागलीय." ह्यांनी दोन ठोके दिले. जरा उशिराच.

यंदा हिवाळ्यात हे गेले. गावी नेलं, दिवस झाले, मी मुलाकडे सोहारला परत आले. रडले का ते आठवत नाही. तांदूळ निवडल्याचं आठवतं. निवडलेलेच पुन्हा निवडले.

त्याच आठवड्यात फायनल होती. कॅप्टन दारात आला. "काकू, तुम्ही नाही आलात तर बिनआवाजाचीच दाखवू. दुसरं कुणी नको."

सून म्हणाली, "आई, खलास, आता संपलं म्हणून सांगा त्यांना. जमणार नाही तुम्हाला."

जमेल की नाही, मलाही ठाऊक नव्हतं. मी साडी बदलली. सुती.

ह्यांच्या खुर्चीत स्टीलच्या कारखान्यातला एक वेल्डर बसला होता. तीन षटकं मी नीट बोलले. आवाज शेजारच्या घरातून यावा तसा येत होता. चौथ्यात चेंडू एक टप्पा पडून दोरीबाहेर गेला. मी म्हणाले, "षटकार!"

आणि थांबले.

टेबल वाजलं नाही. पुढचा चेंडू पडला, त्याच्या पुढचाही. मी गप्प. फोनवर गावाकडचे मेसेज चढू लागले. 'आवाज गेला.' 'नेट गेलं वाटतं.' 'काकू दिसतायत, ऐकू येत नाहीत.'

वेल्डर हळूच वाकला. "काकू, मघाचे चारच होते. मी चारच लिहिलेत. राहू दे, कुणाला कळलं नाही."

"नेट आहे," मी माइकमध्ये म्हणाले. "मघाचा षटकार नव्हता. चौकार होता." आणि राहिलेली मॅच बोलले.

अजूनही शुक्रवारी बसते. चार म्हणजे चार सांगते, सहा म्हणजे सहा. वेल्डर म्हणतो, काकू, तुमची एकही चूक होत नाही. वाढवून बोलायचं मी सोडलंय. त्यात आता मजा येत नाही.