पल्लवीनं वर्गाला सांगितलं

“हिला एपिलेप्सी आहे,” अमरावतीच्या डॉक्टरबाई म्हणाल्या. मी काही बोलायच्या आधी माझ्या नऊ वर्षांच्या पल्लवीनंच विचारलं, “म्हंजे मी मरीन का?”

डॉक्टरांनी खुर्ची तिच्याकडे वळवली. “नाही बाळा. मेंदूचं काम बारीक विजेवर चालतं. तुझ्या मेंदूत कधीकधी ती वीज एकदम उसळते. गोळ्या रोज घ्यायच्या, म्हणजे ती आवरते.”

माझ्या मुलीला उत्तर देणाऱ्या त्या बाईंचे उपकार मी विसरणार नाही.

त्या साली बोंडअळीनं कपाशी खाल्ली होती. घरात जो तो शेताच्या काळजीत. पल्लवी जेवताना घास हातात धरून एकटक बघत राहायची, हाक मारली तरी ऐकायची नाही. आम्हाला वाटलं, लक्ष नाही. मग नणंदेकडच्या बारशात ती धाडकन पडली. हातपाय झटकू लागले. कोणी नाकाला कांदा लावला, कोणी दातखीळ उघडायला चमचा घातला. त्यात तिचा ओठ फाटला.

अकोल्याच्या डॉक्टरांनी अमरावतीला पाठवलं. रेल्वेनं बडनेरा, तिथून ऑटो. तिथं ईईजी केला. म्हणजे डोक्याला तारा चिकटवून मेंदूतल्या विजेचा आलेख काढतात. दुखत नाही. आदल्या दिवशी केस धुवायचे, तेल लावायचं नाही. तारा लावल्यावर पल्लवी म्हणाली, “आई, आता माह्या डोक्यात टीव्ही लागन का?” बाहेर बाकावर बसलेली माणसंही हसली.

डॉक्टरांनी नीट समजावलं. झटका आला की मुलाला कुशीवर वळवा. डोक्याखाली मऊ काही ठेवा. तोंडात काही घालू नका, दाबून धरू नका. घड्याळ बघा, पाच मिनिटांत थांबलं नाही, तर लगेच दवाखाना. आणि मनानं गोळ्या बंद करू नका.

घरी आल्यावर सासूबाई म्हणाल्या, “कोनाले सांगू नोको. पोरीची जात हाय. उद्या कोन करन हिले?” त्यांचा जीव होता नातीवर, म्हणूनच भीती. गोळ्या त्यांनी डाळीच्या डब्यामागं ठेवल्या.

एका सकाळी पल्लवीनं डबा सरकवला आणि विचारलं, “आजी, लपवता काहून? मी काई चोरी केली का?”

मी तिलाच विचारलं, “शाळेत सांगू का?”

“मी सांगतो,” ती म्हणाली.

तिच्या वर्गाच्या बाईंनी खूप समजून घेतलं. पल्लवी वर्गात सतरंजीवर आडवी झाली आणि तिची मैत्रीण रुखसारनं तिला कुशीवर वळवून दाखवलं. “हे लागट नाही,” पल्लवीनं सगळ्यांना सांगितलं. “मले हात लावला तरी काई होत नाही.”

पुढं प्रार्थनेच्या वेळी तिला खरंच झटका आला. शाळेतून फोन आला, तशा मी आणि सासूबाई धावत गेलो. तोवर सगळं शांत झालं होतं. पल्लवी पेंगत होती, तिचं डोकं रुखसारच्या मांडीवर. बाई म्हणाल्या, “पोरींनीच सांभाळलं. मी फक्त घड्याळ बघत होते.”

सासूबाई खाली बसल्या. रुखसारच्या तोंडावरून हात फिरवला आणि विचारलं, “भ्याली नाही का वं तू?”

“भ्याली ना आजी,” रुखसार म्हणाली. “पन मले मालूम होतं काय करायचं ते.”

नंतर डॉक्टरांनी गोळ्यांचं प्रमाण बदललं. झटके विरळ होत गेले. किती वर्षं गोळ्या लागतील, ते डॉक्टर ठरवतील. तुमच्या घरी असं लेकरू असेल, तर एवढंच सांगेन, आधी त्याच्याशी बोला. मग शाळेशी, शेजाऱ्यांशी.

परवा शाळेची सहल चिखलदऱ्याला निघाली. मी गोळ्या बाईंच्या हाती दिल्या आणि बसच्या खिडकीखाली हात हलवत उभी राहिले. पल्लवी रुखसारशी गप्पा मारण्यात इतकी गुंग होती, की तिनं माझ्याकडे पाहिलंच नाही. बस सुटली. मला फार बरं वाटलं.