गवंड्याची दोन बोटं

अमळनेरच्या घराचा नकाशा मीच काढला. तीस वर्षं भूमिती शिकवलेली, मग इंजिनिअर कशाला हवा? गवंड्याचं नाव विचारायचंही मला सुचलं नाही. कानावरची पेन्सिल तशीच ठेवून त्याने कागदावरच्या जिन्यावर दोन बोटं चालवली. बोटं चार वळणं चढतच गेली आणि निघाली होती त्याच पायरीवर परत पोचली. तो हसला नाही. अदबीने म्हणाला, “सर, तुमले गच्चीवर जानं शे, का नुसतं चढत ऱ्हानं शे?”

त्याने साधा सरळ जिना बांधला आणि गेला.

आता मी रोज गच्चीवर जातो, कशाला आलो ते विसरतो, खाली उतरल्यावर आठवतं, की पुन्हा चढतो. नकाशा अगदीच चुकला नव्हता माझा.