जप्त पिकअपचा दसरा

आमच्याकडे बायकोच्या भावाला गाडीची किल्ली नाकारणारा माणूस अजून जन्मायचाय, मी तर नाहीच. शालकाने लग्नाला म्हणून माझा पिकअप नेला आणि येताना केळीच्या पानांखाली दारूचे बॉक्स भरून आणले. धुळ्याजवळ पकडला गेला. त्याला लगेच जामीन मिळाला, गाडीला नाही. कोर्ट म्हणालं, दारू मर्यादेपेक्षा जास्त आहे, खटला संपेपर्यंत गाडी सोडता येणार नाही. माझा धंदा त्याच गाडीवर, म्हणून मी हायकोर्टात गेलो.

तेवढ्यात दसरा आला. गाडीची पूजा चुकवायची कशी? मी शहाणा आमच्या नशिराबादहून नारळ आणि झेंडूची माळ घेऊन एसटीने, गाडी ठेवली होती त्या पोलीस ठाण्यावर पोहोचलो. माळ घातली, बोनेटवर कुंकवाचं स्वस्तिक काढलं, नारळ फोडला. आवाजाने हवालदार धावत आला.

"नाना, हाऊ मुद्देमाल शे! हात लावाना नही! केस करू का?"

"कर ना! अन बॅटरी कथी गई? स्टेपनी कथी गई? त्यास्नावर केस कोण करी?"

त्याने खाली वाकून खोबऱ्याचा तुकडा उचलला आणि खात खात आत गेला.

हायकोर्टात सरकारी वकिलाने वाचून दाखवलं, "अर्जदाराने मुद्देमालात हस्तक्षेप केला." नारळ कागदावर आला होता, बॅटरीबद्दल चकार शब्द नव्हता. माझ्या वकिलाने डोक्याला हात लावला. पुढची तारीख पडली.

चरफडत परतलो, तर स्टँडवर मला घ्यायला शालक उभा, मोटारसायकलवर.

"बसा दाजी, काय झालं?"

मी पायीच घरी गेलो.