एका सेंटिमीटरचं गाणं

"हाताला लागलंय, तेवढंच तोंडात यिऊ दे."

आष्ट्याचा कृष्णात आपल्या गाण्यांबद्दल हे दिवसातून दहादा म्हणायचा. कुपवाडला तो लेथवर पंपाचे शाफ्ट कातायचा आणि जॉबकार्डाच्या पाठीवर रॅप लिहायचा. दोन्ही कामं एकाच तालात चालायची. लोखंडाचा कीस गरम गरम निघून पायाशी पडायचा, आणि ह्याच्या ओठांवर यमकं फुटायची. शेजारच्या मशीनवरचा विश्वजीत त्याचा जोडीदार. तो मोबाईलवर बीट बनवायचा.

कृष्णातनं पहिल्यांदा रॅप ऐकला तो हेडफोनच्या एका बाजूनं, कारण दुसरी बाजू बिघडलेली होती. कुठल्या कुठल्या देशांतली पोरं आपल्या गल्लीचं, आपल्या उपासमारीचं, आपल्या गुर्मीचं सांगत होती. भाषा कळत नव्हती, पण माणूस खरं बोलतोय एवढं त्याला कळलं. मग त्यानं ठरवलं, आपणही आपल्या गल्लीचंच सांगायचं. उसाच्या ट्रॉलीमागं उभं राहून खाल्लेली धूळ, दोन शिफ्टांमधला चहा, मुकादमाची शिट्टी. चंद्र, तलवार, गाड्या, बंगले असलं काही त्याच्या गाण्यांत सापडायचं नाही.

त्याचं पहिलं ऐकणारं माणूस म्हणजे बायको, दीपमाला. ती भाकरी थापायची, तो चुलीसमोर उभा राहून म्हणायचा. ओळ खोटी वाटली की तिचा हात परातीतच थांबायचा.

"आवं, ह्ये कुठं बघितलंसा तुमी?"

एवढं विचारलं की ओळ खोडली जायची. सहा वर्षं हे असं चाललं होतं. कपाटात अठ्ठावन्न गाणी साठली होती आणि एकही कुठं छापलेलं, वाजलेलं नव्हतं.

यंदा सांगलीतल्या स्पर्धेत तो शेवटच्या दोघांत आला. घरात दिवाळी झाली! जिंकणाऱ्याचं गाणं पुण्याच्या स्टुडिओत रेकॉर्ड होणार, व्हिडिओ होणार, सगळीकडं लागणार. फॉर्मवर वयाची अट एकतीस. कृष्णातला एकतीस चालू होतं. म्हणजे हीच खेप, पुढं दार बंद. अंतिम फेरी साताऱ्याजवळच्या एका गावाच्या यात्रेत होती. फौजींचं गाव. घरटी एक तरी माणूस पलटणीत.

"गड्या, तितं तुझी लेथ कोन ऐकनार?" विश्वजीत म्हणाला. "फौजीचं वाजीव. गाव डोस्क्यावर घेतंय का न्हाई बघ."

"मी कवा गेलतो फौजंत?"

"आरं, गाण्यात काय आधार कार्ड मागत्यात व्हय?"

कृष्णातनं दोन दिवस जॉबकार्डांवर लिहिलं, खोडलं. तिसऱ्या दिवशी चुलीसमोर उभा राहिला आणि म्हणाला,

"बर्फात पाय, छातीवर वारा,
माझ्या जिवावर झोपतोय गाव सारा.
खिशात फोटू, बोटात चाप,
सीमेवर हुबा मी, गावाचा बाप!"

दीपमालाचा हात परातीत थांबला. पण तिनं विचारलं नाही. तिला पुण्याचा स्टुडिओ दिसत होता, काचेच्या पलीकडं उभा असलेला आपला नवरा दिसत होता. "लय भारी," ती म्हणाली आणि भाकरी तव्यावर टाकली. गाणं नियमाप्रमाणं आधी लिहून पाठवायचं होतं. पाठवलं.

यात्रेच्या दिवशी कुस्त्या संपल्या आणि उन्हं कलायला लागली, तेव्हा स्टेजवर स्पर्धा सुरू झाली. फलटणचा जयराज आधी गायला, झकास गायला. मग कृष्णात. विश्वजीतनं बीट सोडला आणि पहिल्या चार ओळींतच गाव उसळलं. रजेवर आलेले जवान खांद्यावर खांदा टाकून नाचायला लागले. शिट्ट्या, टोप्या, गुलाल! बायकांच्या बाजूला दीपमाला बसली होती, तिच्या अंगावर सरसरून काटा आला. शेजारच्या म्हातारीनं तिचा हात धरला. ही रंगूबाई. तिचा थोरला फौजेत, हे तिनं बसल्या बसल्या सांगून टाकलं होतं.

"तुझा मालक का गं ह्यो?"

"व्हय, मावशी."

"कवा आला रजेवर?"

स्टेजवर नवरा गात होता, गाव नाचत होतं, पुणं हाताच्या अंतरावर होतं.

"परवा," ती म्हणाली.

रंगूबाईनं तिच्या तोंडावरून हात उतरवले आणि आपल्या कानशिलांवर बोटं कडाकडा मोडली.

त्या गावाची एक रीत होती. यात्रेत स्टेजवर फौजी चढला की त्याला फेटा बांधायचा, आणि फेटा बांधून होईपर्यंत सगळ्या गावानं उभं राहायचं. लहान पोरं, म्हाताऱ्या, पैलवान, सगळे. गाणं संपताच निवृत्त सुभेदार नाथाजी भगवा फेटा घेऊन जिना चढले. त्यांना कुणी काही सांगितलं नव्हतं. ह्या गावात असं गाणं फौजीशिवाय कुणी म्हणेल, हे कुणाच्या मनातच येणं शक्य नव्हतं.

गाव उभं राहिलं. एकदम शांत झालं. सुभेदारांनी पहिला वेढा दिला, दुसरा दिला. कृष्णातची मान ताठ होती आणि चेहरा फिका पडत चालला होता. तिसरा वेढा देता देता म्हाताऱ्यानं माईक त्याच्या तोंडाशी धरला.

"कुठली पलटन, पोरा?"

परीक्षक हसऱ्या तोंडानं बघत होते. जयराजनं तर टाळ्या वाजवायला हात उचललेच होते. एक नाव घेतलं की झालं. दीपमाला उभ्या गावात उभी होती आणि मनात म्हणत होती, बोला, काहीतरी बोला. दुसऱ्याच क्षणी म्हणत होती, देवा, बोलू नका.

"कुठलीच न्हाई, आबा," कृष्णात म्हणाला. "मी फौजी न्हाई. कुपवाडला लेथवर हाय."

माईकमधून ते सगळ्या माळावर गेलं. मागून एक आवाज आला, "मग उतर की खाली!" दुसरा आला, "फौजीची टिंगल करतोय व्हय रं?" दोन-तीन जवान तावातावानं पुढं सरकले. दीपमालाच्या हातातून रंगूबाईचा हात सुटला.

कृष्णातनं फेटा उतरवला, दोन्ही हातांनी सुभेदारांना दिला. "भरतीला तीनदा गेलतो. तीनदा घरी आलो. ह्ये कुनालाच सांगितलं न्हाई. बायकूलाबी न्हाई."

सुभेदारांनी हात वर केला. जवान थांबले.

"सांगितलं न्हाई, मग आता सांग," म्हातारा म्हणाला. "आमाला खोटं ऐकवलंस. आता खरं ऐकीव आन् मग उतर."

विश्वजीत बीट शोधायला लागला. कृष्णातनं मानेनंच नको म्हटलं. त्यानं मूठ आवळली आणि स्वतःच्या छातीवर ताल धरला. धप, धप धप. माईकनं तो उचलला.

"छातीवर आकडा, मार्करचा काळा,
सोळाशे मीटर, चार येढं पळा.
पयल्या साली पडलो, दुसऱ्या साली धाप,
तिसऱ्याला पळालो, म्हनलं आता माप.
फुगीव म्हनला सायेब, फुगीवली छाती,
टेप म्हनली चार, पाच पायजे व्हती.
एक सेंटिमीटर! नखाचा घेर!
तेवढ्यासाठी मी वर्दीच्या भायेर."

मग पार मागं, उसाच्या रसाच्या गाड्यापाशी उभ्या असलेल्या घोळक्यातून एक टाळी आली. मग दहा आल्या. ती पोरं यात्रेत नेहमी मागंच उभी राहायची. फौजींच्या गावात एकजण पलटणीत जातो तेव्हा चौघं मैदानावरून परत येतात. त्या चौघांना फेटा नसतो, गाणं नसतं. आल्यावर आई पाणी देते आणि विषय बदलते. दीपमालाला हे त्या क्षणी कळलं, कारण ती पोरं वेड्यासारखी पुढं येत होती आणि ओरडत होती, "चार येढं! चार येढं!" छातीवर मुठी मारत होती. माळावरची धूळ उठली. पुढं सरकलेल्या जवानांतल्या एकानंही मूठ छातीवर आणली, कारण तो तरी पहिल्या खेपेला कुठं भरती झाला होता!

कृष्णात आता बेभान झाला होता.

"आता लेथ माझी, मापाचाच धंदा,
केसभर चुकलं तर जॉबचा वांदा.
ज्या मापानं मला केलं हुतं बाद,
तेच माप हातात, ऐका त्याचा नाद!"

दीपमाला कधी खुर्चीवर चढली तिला कळलंच नाही. पदर कमरेला खोचून ती ओरडत होती, आवाज फाटेपर्यंत ओरडत होती. सहा वर्षांत नवऱ्याचं असं गाणं तिनं ऐकलं नव्हतं. हे चुलीसमोर कधी आलंच नव्हतं.

निकाल यायचा तो आला. पाठवलेलंच गाणं धरायचं हा नियम होता, आणि पाठवलेलं गाणं त्यानं स्वतःच्या तोंडानं खोटं ठरवलं होतं. पुणं जयराजला मिळालं. जयराजनं कृष्णातला मिठी मारली. "दादा, मी जितलोय ह्ये मला पटंना," तो म्हणाला.

"पटवून घे. ग्वाड गायलास," कृष्णात हसून म्हणाला. "आन् स्टुडिओत गेलास की नीट गा. बारीक बारीक सगळं ऐकू येतंय म्हनं तितं."

दीपमाला खाली उतरली. रंगूबाई तिथंच होती.

"मावशी, मी तुमाशी खोटं बोलले. परवा म्हनले ते."

"कळलं मला," रंगूबाई म्हणाली. ती रागावली होती का, ते तिच्या आवाजावरून सांगता येत नव्हतं. तिनं मागच्या घोळक्याकडं बोट केलं. "त्यो लाल शर्टातला माझा धाकटा. दोनदा जाऊन आलाय. वर्स झालं, घरात धड बोलंना झालाय. आज वरडताना बघितला मी त्याला."

स्टेजवरून कृष्णात खाली आला तेव्हा त्या पोरांनी त्याला गराडा घातला. पुन्हा म्हणा, म्हणाली. लिहून द्या, म्हणाली. आमच्या तालमीत चला, म्हणाली. त्यानं दीपमालाकडं बघितलं. तिनं हातानंच जा म्हणून सांगितलं.

तो निघाला. माळ ओलांडून तालमीच्या वाटेला लागला, पोरं अवतीभोवती, लाल शर्ट सगळ्यांत जवळ. त्याचा हात हवेत ओळी मोजत होता. सुभेदार नाथाजी सुटलेला फेटा हातात धरून स्टेजच्या कडेला उभे होते. दीपमाला आणि रंगूबाई खाली, धुळीत. तिघंही बघत राहिली, वाट वळून तो पाणंदीच्या झाडांआड जाईपर्यंत.