शुद्धलेखनातल्या कोऱ्या ओळी

माझं तोंड फटकळ, हे आधीच सांगते. सव्वीस वर्षं दुसरीला शिकवतेय, आणि शुद्धलेखन घालते ते बाकांमधून फेऱ्या मारत. एका जागी उभं राहिलं की मला शब्दच सुचत नाहीत.

यंदा वर्गात चिमणी नावाची मुलगी आली. आई शिवणकाम करणारी, मुलीच्या दोन्ही कानांत ऐकायचं मशीन. मशीन आहे म्हणजे ऐकू येणारच, असं मी धरून चालले. तिच्या शेजारची भोंगा, आवाज मोठा म्हणून हे नाव, शुद्धलेखन चालू असताना सारखी चिमणीकडे वळून ओठ हलवायची. उत्तरं पुरवते म्हणून मी तिला उचलून शेवटच्या बाकावर बसवलं. त्या दिवसापासून चिमणीच्या वहीत दहातले चारच शब्द, बाकी ओळी कोऱ्या.

"पाहिलंत? सगळी नक्कल होती," मी स्टाफरूममध्ये म्हटलं. हिला दुसऱ्या शाळेत हलवा, असा अहवाल लिहिला आणि आईला सहीला बोलावलं.

आईनं पेन घेतलं, पण आधी वही चाळली. मग हळूच विचारलं, "बाई, तुम्ही सांगताना फिरता का?"

"फिरते. का?"

"मशीननं तिला नुसता आवाज कळतो. शब्द ती ओठांवरून घेते. तुमची पाठ झाली की गेला शब्द. पहिल्या दिवशी सांगितलं होतं मी."

सांगितलं होतं खरं. मी हजेरी भरत होते आणि मान वर न करता "बरं बरं" म्हणाले होते. मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. अहवाल मी तिच्यासमोरच फाडला, पण तिच्याकडे बघायचं काही धाडस झालं नाही.

दुसऱ्या दिवशी फळ्यापाशी खिळून उभी राहिले. चिमणीचे दहाच्या दहा शब्द बरोबर आले. मग सवयीनं बोलता बोलता फळ्याकडे वळले, तर अख्खा वर्ग एका सुरात म्हणाला, "बाई, तोंड इकडे!"

म्हणजे सगळ्यांना ठाऊक होतं. सात-सात वर्षांची पोरं, आणि माझी सव्वीस वर्षं पाण्यात. मी भोंगाला तिच्या जुन्या जागी आणून बसवलं आणि विचारलं, "अगं, मला का नाही सांगितलंस?"

"सांगत होते ना बाई," ती म्हणाली. "तुम्ही म्हणालात, तोंड बंद."